डेव्हिड सूशे: प्वारोने नट घडवला की अडकवला?

तिसरी_घंटा
१९८९ ते २०१३, तेरा पर्वं, सत्तर भाग. आयटीव्ही या ब्रिटिश वाहिनीवरच्या, अगाथा ख्रिस्तीच्या गुप्तहेर प्वारोमुळे ब्रिटिश नट सूशे जगभर पोचला, पण ब्रिटिश टीव्हीने एक अव्वल चरित्र अभिनेता त्यात बराचसा गमावला. आधीचं काम बघा. १९८०ला बीबीसीच्या 'ओपनहायमर'मध्ये भौतिकशास्त्रज्ञ एडवर्ड टेलर, १९८४ला मनोविश्लेषक फ्रॉइड, १९८५ला 'ब्लॉट ऑन द लँडस्केप'मधला माळी. पाच वर्षांत तीन वेगळी माणसं! पुढे 'द वे वी लिव्ह नाऊ' मालिकेतला भांडवलदार मेलमॉट (२००१) आणि वृत्तपत्रसम्राट रॉबर्ट मॅक्सवेल (२००७) बघताना हळहळ वाटते. अशा भूमिका अजून कितीतरी व्हायला हव्या होत्या.

नेपथ्य
साफ असहमत. प्वारो बारमाही चालत नव्हता. १९९७ ते २००० मोठा खंड पडला, त्यात सूशे रंगमंचावर 'अमेडियस' नाटकातला, मोझार्टचा मत्सर करणारा संगीतकार सालिएरी करत होता. २००७ला ब्रिटनमध्ये प्वारोचा एकही नवा भाग आला नाही; मॅक्सवेल त्याच वर्षीचा आणि आंतरराष्ट्रीय एमी पुरस्कार त्याच भूमिकेला.
शिवाय प्वारो हेच त्याचं सगळ्यात कठीण काम आहे. सगळ्या कथा-कादंबऱ्या वाचून त्याने ९३ मुद्द्यांची यादी केली, चहा-कॉफीत साखरेचे खडे किती इथपर्यंत. स्वतःचा खर्जातला, छातीतून येणारा आवाज उचलून डोक्यात नेला. पुस्तकातली ती लगबगीची, तुटक पावलं जमेनात, तेव्हा नितंबांमध्ये नाणं घट्ट धरून चालायचा सराव केला. नाणं पडू द्यायचं नाही म्हटलं की मांड्या जवळ येतात, पाऊल आपोआप आखूड पडतं. पोट, छाती, पाठीला गाद्या. गाद्यांनी फक्त आकार येतो. त्यांचं वजन असल्यासारखं उठणं-बसणं नटालाच करावं लागतं.

निळी_शाई
दोघंही खरा साचा विसरताय. टेलर हंगेरियन, फ्रॉइड व्हिएन्नाचा, माळी ब्लॉट परदेशी युद्धकैदी, मेलमॉट युरोपातून आलेला, मॅक्सवेल मूळचा चेकोस्लोव्हाकियाचा, प्वारो बेल्जियन. सूशेला प्वारोने अडकवलं नाही. ब्रिटिश कास्टिंगने त्याला आधीपासूनच 'परका माणूस' या कप्प्यात टाकलं होतं. आठव्या हेन्रीचा इंग्रज कार्डिनल वूल्झी, यासारखा अपवाद विरळाच. आणि मेलमॉट-मॅक्सवेल ही दोन उदाहरणं वैविध्याची म्हणून देऊ नका, दोघंही बुडीत जाणारे पैसेवाले आहेत.

तिसरी_घंटा
साचा मान्य. पण म्हणून नुकसान कमी होत नाही. शेवटच्या पर्वांत तर प्वारोचे सोबती हेस्टिंग्ज, इन्स्पेक्टर जॅप, सेक्रेटरी मिस लेमन गेल्यावर (त्यांची एकत्र भेट पुन्हा २०१३च्या 'द बिग फोर'मध्येच) तो हलका विनोदही गेला. 'ओरिएंट एक्सप्रेस'मधला (२०१०) प्वारो ओरडतो, जपमाळ हातात घेऊन रडतो. ही मला भूमिकेवरची पकड सुटल्यासारखी वाटते.

नेपथ्य
उलट, ती भूमिका तिथे वयात येते. देवभीरू माणसाला बारा जणांनी सूडापोटी केलेल्या खुनावर पांघरूण घालावं लागतंय. शांतपणे मिशी कुरवाळून कसं चालेल? मेलमॉट-मॅक्सवेल बघताना कथानक बाजूला ठेवून शरीर बघा. मेलमॉट खुर्चीत रुतून बसतो आणि समोरच्याला आपल्याकडे यायला लावतो. मॅक्सवेल उठून दुसऱ्याच्या अंगावर जातो.

निळी_शाई
हा फरक पटला, कास्टिंगबद्दलचं मत तेच.
नव्याने बघणाऱ्यांनी सत्तर भाग ओळीने लावू नयेत, एकसुरी वाटतं. आधी 'क्लॅपहॅम कुक' (पहिला भाग), मग मेलमॉटचे चारही भाग, मग 'फाइव्ह लिटल पिग्ज' आणि शेवटी 'कर्टन'. 'कर्टन'मध्ये गाद्या नाहीत, प्वारो चाकाच्या खुर्चीत. तो भाग शेवटी दाखवला असला तरी सूशेच्या आग्रहावरून आधी चित्रित झाला. प्वारोचा निरोप मृत्यूच्या दृश्यावर घ्यायचा नव्हता. चित्रीकरण संपलं ते 'डेड मॅन्स फॉली'वर, ख्रिस्तीच्या स्वतःच्या ग्रीनवेच्या घरी. दोन्ही लागोपाठ बघितले तर आवाज कुठे उतरवलाय ते ऐकू येतं.