कीटनच्या 'कॉप्स'मधला बॉम्ब: नुसती गंमत की खरी भीती?

चौकटीबाहेर:
मूकपटांच्या काळातला अमेरिकन विनोदी नट-दिग्दर्शक बस्टर कीटन, त्याचा 'कॉप्स' (१९२२) काल पुन्हा पाहिला. जेमतेम अठरा मिनिटांचा मूकपट. सामानाने लादलेली घोडागाडी हाकत कीटन पोलिसांच्या संचलनात शिरतो. गच्चीवरून एक अराजकवादी (म्हणजे सरकारच नको म्हणणारा) बॉम्ब फेकतो, तो नेमका याच्या शेजारी पडतो. हा पेटत्या वातीवर सिगरेट शिलगावतो आणि बॉम्ब भिरकावतो. स्फोट होतो, आणि शहरभरचे पोलीस याच्या मागे! सगळे याला पाठलागाचा विनोदीपट म्हणतात, मला तो भीतीचा वाटतो. १६ सप्टेंबर १९२० ला न्यूयॉर्कच्या वॉल स्ट्रीटवर फुटलेला बॉम्ब घोडागाडीतच होता. तीसहून जास्त माणसं गेली. दीड वर्षाने पडद्यावर पुन्हा घोडागाडी आणि बॉम्ब पाहून प्रेक्षकाला ते आठवलं नसेल?

साधा प्रेक्षक:
नाही पटलं. पोलिसांची धावपळ हा तेव्हाचा हुकमी मसाला होता, विनोदी मूकपट काढणाऱ्या कीस्टोन कंपनीने तो आधीच रुळवला होता. सामान हलवायला घोडागाडी तर लागायचीच. आणि सिगरेटचा प्रसंग बघा, माणूस किती शांतपणे झुरका घेतो! कीटनवर राजकारण लादू नका.

चौकटीबाहेर:
शांत आहे, मान्य. पण बॉम्ब फेकणाऱ्याला पुढे कोण शोधतं? शिकागोत १८८६ साली हेमार्केट चौकात कामगारांच्या सभेवेळी पोलिसांवर बॉम्ब फेकणारा कोण ते कधीच सिद्ध झालं नाही, तरी चौघे फासावर गेले. 'हाती लागला तो गुन्हेगार' ही भीती मी म्हणतोय.

रीळ दुसरं:
मग गच्चीवरच्या माणसाचं काय? त्याला नाव नाही, मागणी नाही. डिसेंबर १९१९ मध्ये अमेरिकेने 'बफर्ड' जहाजातून २४९ जणांना 'जहाल' ठरवून रशियाकडे धाडलं, त्यात अराजकवादी लेखिका एम्मा गोल्डमनही होत्या. बरेच जण केवळ एका कामगार संघटनेचे सभासद म्हणून पकडलेले. पडद्यावर मात्र अराजकवादी म्हणजे बॉम्बच! निरपराध माणसाची भीती कीटनने दाखवली असेल, पण 'त्या' माणसाबद्दलची भीती त्याने होती तशीच वापरली. मला याचा राग येतो.

साधा प्रेक्षक:
हा मुद्दा मला खोडता येत नाही. पण शेवट? सगळ्या पोलिसांना चौकीत कोंडून तो सुटलेला असतो. ज्या मुलीवर त्याचं प्रेम असतं ती तोंड फिरवते, तेव्हा स्वतःच कुलूप उघडून त्यांच्या हाती जातो. इथे प्रेम मारतं, पोलीस नाहीत.

चौकटीबाहेर:
ती मुलगी महापौरांची आहे.