माद्रिदचा २ मे मूकपटातच शोभतो का?

मूकपटप्रेमी: होसे बुक्स यांनी १९२७ साली ‘एल दोस दे मायो’ हा मूकपट काढला. विषय, स्पेनच्या माद्रिदमधला २ मे १८०८ चा फ्रेंचांविरुद्धचा उठाव. नेपोलियनचा सेनापती म्युरा शहरात तळ ठोकून बसलेला, स्पेनचा राजा फर्नांडो फ्रान्समध्ये अडकलेला, आणि त्याच्या १४ वर्षांच्या धाकट्या भावालाही न्यायला राजवाड्यापुढे गाड्या लागल्या. लोकांनी त्या अडवल्या आणि शहर पेटलं. माझ्या मते हा विषय मूकपटाचाच आहे. स्पॅनिश चित्रकार गोयाचं चित्र आठवा, उठावानंतर फ्रेंचांनी रात्री लोकांना गोळ्या घातल्या त्याचं: पांढऱ्या सदऱ्यातला माणूस हात पसरून उभा, कंदील जमिनीवर, आणि बंदुका रोखणाऱ्यांचे चेहरेच दिसत नाहीत. तिथे संवाद हवाय कशाला?

कादिसकर: अजिबात पटलं नाही. साल बघा. १९२७ म्हणजे स्पेनमध्ये प्रिमो दे रिवेराची हुकूमशाही. आणि मूकपट गप्प कुठे असतो? मध्ये मध्ये पाट्या येतात, शूर कोणाला म्हणायचं ते पाटी लिहिणारा ठरवतो.

मूकपटप्रेमी: अहो, पण घडलं काय होतं? स्पॅनिश सैन्याला बराकीतच थांबायचा हुकूम होता. दाओइस आणि वेलार्दे या तोफखान्याच्या अधिकाऱ्यांनी तो मोडला, मोन्तेलेओनच्या बराकीत लोकांना घेतलं आणि लढता लढता गेले. वरिष्ठांचं न ऐकणारे अधिकारी कुठल्या हुकूमशहाला परवडतात?

सुईदोरा: तुम्ही दोघंही अधिकाऱ्यांवरच अडलात. मानुएला मालासान्याचं काय? शिवणकाम करणारी १७ वर्षांची मुलगी. कुणी म्हणतं लढाईत गेली, कुणी म्हणतं जवळ कात्री सापडली म्हणून गोळ्या घातल्या. माझी आई शिवायची, कात्री सतत हाताशी. मला तरी ती कात्रीच आधी दिसते.

कादिसकर: ताई, तुमचं खरं आहे. पण गोष्ट थांबवायची कुठे? १८१४ मध्ये फर्नांडो परतला आणि राजाच्या सत्तेला लगाम घालणारी १८१२ ची कादिसची राज्यघटना त्याने रद्द केली. ज्याच्या नावाने लोक मेले, त्यानेच! गोयाचं ते चित्रही १८१४ चंच. त्याआधी गोयाने जोसेफ बोनापार्टकडून, म्हणजे नेपोलियनने स्पेनच्या गादीवर बसवलेल्या त्याच्या भावाकडून, मानचिन्ह घेतलं होतं. गोळीबाराच्या रात्री पडदा पाडला की हे सगळं झाकून जातं.

मूकपटप्रेमी: फर्नांडोबद्दल वादच नाही. पण सहा वर्षांनी काय होणार हे त्या सकाळी गाडीचे दोर कापणाऱ्याला कुठून कळावं? मला त्याची ती सकाळ बघायची आहे.

सुईदोरा: मोन्तेलेओनच्या बराकीची आता फक्त कमान उरलीय, तिच्यापाशी दोघा अधिकाऱ्यांचा पुतळा. भोवतालच्या वस्तीला मात्र लोक मालासान्याच म्हणतात.