'भिडस्त' हा गुण की दोष? प्रगतीपुस्तकातल्या एका शेऱ्यावरून

शेवंती
माझी भाची तिसरीत आहे, परवा पहिल्या सत्राचं प्रगतीपुस्तक मिळालं. श्रेणी सगळ्या चांगल्या. पण 'सुधारणा आवश्यक' ह्या रकान्यात बाईंनी लिहिलंय, "भिडस्त आहे, वर्गात बोलत नाही." बहिणीने फोटो पाठवला आणि मला ते वाचून खरंच लागलं, कारण माझ्या आजीच्या तोंडी हा शब्द कायम मायेचा होता. "पोर भिडस्त आहे हो, स्वतःहून मागायची नाही" असं म्हणत ती त्या पोरीच्या पानात अजून एक पोळी टाकायची आणि वर तूप. म्हणजे एखाद्याला भिडस्त म्हटलं की म्हणणाऱ्यावर पण काहीतरी यायचं, ही मागणार नाही तर आपणच बघायचं. आता तोच शब्द दुरुस्तीच्या यादीत गेला. समोरच्याला आपला त्रास होऊ नये, दुसरा बोलत असताना मध्ये तोंड घालू नये, आपल्या वाट्यापेक्षा जास्त घेऊ नये, हे ज्या मुलीला आठव्या वर्षी आपसूक कळतं तिच्यात नेमकी काय सुधारणा करायची? सगळीकडे बोलकी, धीट, स्टेजवर माइक हातात घेणारी मुलंच हवीत का आपल्याला? माझं ठाम मत आहे की भिडस्त हा गुण आहे आणि त्याला दोष ठरवण्यात आपण चूक करतोय.

टोकदार
मी पूर्ण विरोधात आहे आणि मनापासून सांगतोय. 'भीड भिकेची बहीण' ही म्हण काय आत्ता कॉर्पोरेटवाल्यांनी काढली नाही, आपल्याच जुन्या माणसांची आहे, त्यांनी भिडेपायी झालेली नुकसानं बघितली होती म्हणून केली. मी हिंजवडीत टीम सांभाळतो. गेल्या वर्षी एका शनिवारी रात्री सिस्टिम बंद पडली, कॉलवर नऊ जण, एक सिनियर चुकीच्या दिशेने शोधत होता आणि लातूरकडचा एक मुलगा, सगळ्यात ज्युनियर, त्याला पहिल्या वीस मिनिटांत कळलं होतं प्रॉब्लेम कुठे आहे. बोलला नाही. पहाटे तीनला मला वेगळा मेसेज करून सांगितलं. विचारलं तर म्हणे, "सर बोलत होते, भीड वाटली." चार तास गेले. आणि त्याचं नुकसान तर त्याहून मोठं, कारण शोधलं त्याने पण नाव झालं दुसऱ्याचं. हुशार पोरगा आहे, अप्रेझलच्या फॉर्ममध्ये स्वतःबद्दल दोन ओळी लिहितो, त्याच्या निम्मंही काम न करणारे दोन पानं लिहितात. बाईंनी बरोबर रकान्यात लिहिलंय, तिसरीतच लिहिलं हे बरं झालं.

अक्षरवेल
दोघंही एकाच शब्दाबद्दल बोलताय का ते आधी बघूया. ही तीन वाक्यं घ्या. मला तुमची भीती वाटते. मला तुमची लाज वाटते. मला तुमची भीड वाटते. घडण तंतोतंत तीच, पण पहिल्यात तुम्ही मला इजा कराल असं आहे, दुसऱ्यात तुमच्यामुळे माझी मान खाली जाते (हे कोणाला तोंडावर म्हणून बघा, भांडण होईल), आणि तिसऱ्यात मी तुम्हाला मान देतोय. म्हणजे भीड मानाच्या जवळची आहे, भीतीच्या नाही. शिवाय ती कायम कोणाची तरी असते. लाजाळू माणूस कुठेही लाजेल, मितभाषी माणसाला मुळात कमी बोलायला आवडतं, मुखदुर्बळाला बोलायचं असतं पण शब्द फुटत नाहीत, घुमा सगळं मनात ठेवतो. भिडस्त ह्यातला कोणीच नाही, तो मित्रांत भरपूर बोलेल, पण ज्याची भीड आहे त्याच्यासमोर गप्प होईल. टोकदार, तुमचा तो लातूरचा मुलगा रूमवर कसा असतो ते विचारा एकदा.

आणि भीड दोन्ही टोकांना असते. "साहेबांना तुमची भीड आहे, जरा शब्द टाका" ह्या वाक्यात भीड म्हणजे चक्क वजन. एकाची भीड ती दुसऱ्याची ताकद. म्हणून तर भीड घालतात, भिडेखातर कामं होतात. (जाता जाता, भीड आणि निर्भीड दीर्घ, पण भिडस्त, भिडेने, भिडेखातर ऱ्हस्व. 'भीडस्त' फार ठिकाणी दिसतं म्हणून सांगितलं.)

वडाचा_पार
आमच्याकडं कोल्हापुरात भिडस्त कमी, बुजरा जास्त म्हणतात. पण बुजरं म्हंजे जनावर बी बुजतंय, नवीन माणूस बघून बैल बुजतो. बैलाला भीड नसती वाटत. फरक हाय त्यात.

नदीकाठ
अक्षरवेल म्हणतात ते 'एकाची भीड ती दुसऱ्याची ताकद', ते आमच्या घरी काय झालं ते सांगते. माझे वडील अतिशय भिडस्त, आयुष्यात कोणाला नाही म्हटलं नाही. ऑफिसातल्या एका सहकाऱ्याने पतसंस्थेतून कर्ज काढलं आणि जामीनदार म्हणून वडिलांची सही घेतली, डब्याच्या वेळेला कागद पुढे केला, तिथल्या तिथे सही. पुढे हप्ते थकले, त्या सहकाऱ्याने बदली करून घेतली आणि वसुली वडिलांच्या पगारातून सुरू झाली. सव्वातीन वर्षं. लोकांना वाटतं जामीन म्हणजे नुसती ओळख पटवणं, तसं नसतं, करार कायदा १८७२ चा आहे त्यात कलम १२८ सरळ सांगतं की जामीनदाराची जबाबदारी मूळ कर्जदाराइतकीच, वेगळं काही ठरलं नसेल तर. हे आम्हाला नंतर कळलं. त्या काळात माझ्या बारावीच्या क्लासची फी आईने बांगड्या मोडून भरली. त्यामुळे शेवंती, तुमच्या आजीच्या पोळीची गोष्ट वाचून छान वाटलं पण मला भिडस्त हा शब्द ऐकला की अजूनही पोटात गोळा येतो.

शेवंती
नदीकाठ, वाचून फार वाईट वाटलं. पण ह्यात दोष तुमच्या वडिलांच्या भिडेचा आहे की तिचा फायदा घेणाऱ्याचा? तो माणूस निसवलेला होता म्हणून हे झालं. चोरी झाली तर दार उघडं ठेवणाऱ्यालाच बोलायचं का?

टोकदार
दोष कोणाचा ते वेगळं, पैसे कोणाचे गेले ते बघा ना. आणि मुलांना वाढवताना आपण दुसरंच बघतो, कुलूप लावायला शिकवतोच की.

रातपाळी
सिव्हिल हॉस्पिटलमध्ये नर्स आहे, स्त्रीरोग विभागात सोळा वर्षं. बायका काय काय लपवतात आणि किती महिने लपवतात ते रोज बघते. अंगावरून जातंय, गाठ हाताला लागतेय, पण "डॉक्टर पुरुष होते, भीड वाटली". आमच्या इथे ह्या शब्दापायी तीन महिन्यांचं दुखणं वर्षाचं होतं. अक्षरवेल म्हणतील ही लाज, भीड नाही. असेल. पण एक सांगते, डॉक्टर बाई असल्या तरी सगळ्या बोलत नाहीत. "मॅडम घाईत होत्या, बाहेर लाईन मोठी होती, म्हटलं कशाला त्यांचा वेळ घ्या" हे मी शेकडो वेळा ऐकलंय. ही मात्र अस्सल भीडच आहे. म्हणून मी आता "काही त्रास आहे का" असं विचारतच नाही, त्याला "नाही" हेच उत्तर येतं. मी स्टूल ओढून शेजारी बसते आणि विचारते, "कधीपासून आहे?" मग बोलतात.

दूरदेशी
वर सगळं नुकसानीचंच चाललंय म्हणून दुसरी बाजू. सहा वर्षं जर्मनीत, श्टुटगार्टला. इथे पहिल्या वर्षी कोणाकडे गेलो आणि "अजून घेणार का" विचारलं की सवयीने नको म्हणायचो आणि भांडं उचललं जायचं, विषय संपला. दोनदा घरी येऊन मॅगी करून खाल्लीय. त्यांचं काही चुकत नव्हतं, त्यांच्यात नको म्हणजे नको. तेव्हा कळलं की आपल्याकडचा आग्रह हा भिडेचा जोडीदार आहे. पाहुण्याने पहिल्यांदा नको म्हणायचं ती भीड, यजमानाने ते मानायचं नाही तो आग्रह, दुसऱ्या-तिसऱ्या वेळेला खरं काय ते दोघांना कळतं. एकट्या भिडेला काही अर्थ नाही, समोर आग्रह करणारा पाहिजे. शेवंतीच्या आजी हेच तर करत होत्या ना. लातूरच्या मुलाच्या कॉलवर आग्रह करणारं कोणी नव्हतं, नऊ जणांत एकाने तरी त्याचं नाव घेऊन विचारायला हवं होतं.

टोकदार
हे लागलं. कॉल मीच घेत होतो.

तिठा
मला वेगळंच विचारायचंय. मुलगा गप्प असला की भिडस्त म्हणतात, आणि मुलगी गप्प असली की शालीन, सालस. लग्नाच्या जाहिरातीत 'शालीन' वर कधी वाचलाय का कोणी? मला स्वतःला बघायला आले होते तेव्हा मी पगार किती विचारला तर नंतर निरोप आला, मुलगी शालीन वाटली नाही. माझ्यासाठी हा शब्द म्हणजे तोंड बंद ठेवायचा हुकूम आहे.

अक्षरवेल
तिठा, तुमचा राग रास्त आहे. शब्द मात्र त्याहून मोठा आहे. पाणिनीचं एक सूत्र आहे, "शालीनकौपीने अधृष्टाकार्ययोः", अष्टाध्यायी ५.२.२०. काशिकेत, म्हणजे त्यावरच्या जुन्या टीकेत, दिलंय की शाला म्हणजे घर, चारचौघांत वावरण्यापेक्षा घरात शिरणं ज्याला शोभतं तो शालीन, म्हणजे अधृष्ट, धीट नसलेला. तिथे बाईचा संबंधच नाही. कालिदासाच्या रघुवंशाच्या सहाव्या सर्गात हा शब्द राजकन्या इंदुमतीला लागलाय, स्वयंवरात अज तिच्या मनात भरतो पण शालीनतेमुळे तिला ते बोलता येत नाही, अंगावर काटा येतो त्यावरून कळतं. आणि पुढे काय होतं? माळ त्याच्याच गळ्यात पडते. ती बोलली नाही पण निवड तिचीच होती. तुमच्याकडे आलेल्या लोकांना निवडच नको होती, त्यांनी शब्दाच्या आड ती नाकारली. आणि पुरुषांनाही तो लागतो हो, राहुल द्रविडबद्दल मराठी पेपरात शालीन हा शब्द किती वेळा आलाय.

तिठा
द्रविडला शालीन म्हणतात ते त्याने दहा हजारांवर धावा केल्यावर. आधी बॅट बोलली. आम्हाला बॅटिंग मिळायच्या आधीच शालीन व्हायला सांगतात. इंदुमतीला निदान माळ तरी दिली होती.

जुनीपानं
शब्द आपोआप खराब होत नाहीत, कोणीतरी ते करतं. मवाळ बघा. मऊ बोलणारा, सौम्य, चांगलाच शब्द. १९०७ ला सुरतेला काँग्रेस फुटली, जहाल आणि मवाळ असे गट पडले आणि मग मवाळ म्हणजे लेचापेचा असा वास त्याला लागला तो अजून गेला नाही. नेमस्त, म्हणजे मर्यादेत राहणारा, ह्या शब्दाचंही तेच. गोखल्यांना मवाळ म्हणताना लोक विसरतात की इंग्रजांच्या बजेटवर आकडे घेऊन कौन्सिलात उभं राहणारा हाच माणूस होता. भिडस्तचं आत्ता तेच चाललंय, शाळेच्या रकान्यात.

खडूफळा
जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक आहे म्हणून रकान्याबद्दल बोलतो. २०१० पासून सातत्यपूर्ण सर्वंकष मूल्यमापन आलं, तेव्हापासून प्रत्येक मुलाच्या वर्णनात्मक नोंदी कराव्या लागतात, विशेष प्रगती, आवड किंवा छंद, सुधारणा आवश्यक. कल्पना उत्तम आहे, पण सत्र संपताना चाळीस मुलांच्या नोंदी दोन-तीन दिवसांत भरायच्या असतात आणि 'सुधारणा आवश्यक' कोरा ठेवला तर वरून विचारणा होते. मग हुशार, शांत मुलीच्या नावापुढे लिहायचं काय? भिडस्त. मीसुद्धा लिहिलंय, अनेकदा. हा धागा वाचून आज जुन्या नोंदी काढून बघितल्या, ज्यांच्यापुढे मी भिडस्त लिहिलं त्यातल्या बहुतेक मुली आहेत आणि बहुतेक मागच्या दोन बाकांवरच्या. मी उत्तर विचारताना हात वर करणाऱ्यांना विचारतो, सगळेच विचारतात. त्यामुळे सुधारणा कोणाला आवश्यक आहे हे मला आज जरा वेगळं दिसलं. आणि भीड चेपू द्यायची असेल तर हळूच, नाहीतर ती चेपते तेव्हा पूर्णच चेपते, मग आपणच म्हणतो फार आगाऊ झालाय.

शेवंती
सर, मनापासून आभार. काल भाचीशी फोनवर बोलले. तिला विचारलं, वर्गात का बोलत नाहीस गं. म्हणाली, "मला येत असतं मावशी, पण मी वाक्य मनात जुळवेपर्यंत दुसऱ्यानेच सांगितलेलं असतं." हे आमच्यापैकी कोणाच्याच यादीत नाहीये, भीड पण नाही आणि मुखदुर्बळपणा पण नाही. बहीण शनिवारी बाईंना भेटणार आहे, त्यांना इतकंच सांगायचं ठरलंय की प्रश्न विचारून जरा थांबा. शेरा खोडायला सांगणार नाही. मला अजूनही तो चुकीच्या रकान्यात वाटतो.

टोकदार
सोमवारपासून कॉलवर सगळ्यात ज्युनियर आधी बोलेल आणि सिनियर शेवटी, असा नियम टीमला मेलवर टाकलाय. माझं मत बदललेलं नाही, बोलायला शिकावंच लागतं. पण कॉलवर आग्रह करायचं काम माझं होतं हे मान्य.

नदीकाठ
वडिलांना हे सगळं वाचून दाखवलं आज, चौऱ्याहत्तर वर्षांचे आहेत. शांतपणे ऐकलं. मग म्हणाले, "सही मी भिडेने नव्हती केली. त्याच्या पोरीचं लग्न मोडायला आलं होतं, तेवढ्यासाठी केली. तुझ्या आईला भीड म्हणून सांगितलं, खरं सांगितलं असतं तर ती त्या पोरीला शिव्या देत बसली असती." म्हणजे इतकी वर्षं आम्ही त्यांना ज्या गोष्टीवरून बोलत होतो ती झालीच नव्हती. पण मग बांगड्या मोडताना आईला विचारायला नको होतं का, हे मी त्यांना विचारलं. गप्प बसले.