मदत हवी आहे: सोलापूर-मुंबई विमान, वॉकरवर चालणारे आण्णा आणि विमानाच्या पायऱ्या

नमस्कार. होटगी रोडच्या विमानतळावरून वयस्कर माणसाला घेऊन कोणी गेलं असेल तर कृपया लवकर सांगा. पुढच्या मंगळवारचं तिकीट आहे.

माझे वडील ७८ वर्षांचे. चार महिन्यांपूर्वी न्हाणीत पाय घसरला, खुब्याचं हाड मोडलं, आत रॉड आहे. मुंबईच्या सर्जनना दाखवायचंय. एरवी सिद्धेश्वर एक्सप्रेसने रात्रीत जातो, पण मागच्या खेपेला खालच्या बर्थवरून उठून टॉयलेटपर्यंत जाताना त्यांचे जे हाल झाले ते परत बघवणार नाहीत. वंदे भारतमध्ये साडेसहा तास सलग बसणं डॉक्टरांनीच नको म्हटलं. विमानाला हरकत नाही असं पत्र त्यांनी दिलंय.

व्हीलचेअरची विनंती ४८ तास आधी नोंदवावी लागते, ती केली. अडचण त्यापुढची आहे. आपल्याकडे एरोब्रिज (इमारतीतून थेट विमानाच्या दारात नेणारा बंदिस्त पूल) नाही, पायऱ्या चढूनच आत जायचं. आण्णांना एक पायरी चढवायला दोन माणसं लागतात. चांगला पाय आधी वर, मग दुखरा ओढून घ्यायचा, मग कठडा धरून श्वास घेत थांबायचं. फिजिओने घरच्या उंबऱ्यावर सराव करून घेतलाय, पण उंबरा एकच असतो. सोलापूरला अँब्युलिफ्ट (व्हीलचेअरसकट विमानाच्या दारापर्यंत उचलणारी गाडी) किंवा उचलून नेण्याची अरुंद खुर्ची मिळते का? आणि खाली उतरताना मला त्यांच्या पुढे राहू देतात का?

दुसरं, रॉडमुळे मेटल डिटेक्टर वाजणार. डिस्चार्ज कार्ड पुरतं की एक्स-रे पण ठेवू?

तिसरं, बहिणीसाठी शेंगाचटणी आणि कडक भाकरी न्यायची आहे. तिखटाची पूड केबिनमध्ये चालत नाही म्हणून चटणी चेक-इन बॅगेत टाकते, पण भाकरीचा तिथे चुरा होईल. ती हातात चालेल ना?

आण्णांना विमानाचं फार अप्रूप. आमचं घर विमानतळाजवळच, मजरेवाडीत. किंगफिशरचं विमान येऊन बंद पडलं, मग वर्षानुवर्षं रिकामी धावपट्टी. जून २०२३ मध्ये विमानांना अडथळा म्हणून सिद्धेश्वर साखर कारखान्याची उंच चिमणी पाडली तेव्हा आण्णा दिवसभर जेवले नाहीत, आमच्या मामांचा ऊस तिथेच जायचा. जून २०२५ ला गोव्याचं विमान सुरू झालं, ऑक्टोबरमध्ये मुंबईचं, आणि तेच आण्णा आवाज आला की गच्चीवर जायचे. पडल्यापासून खिडकीतूनच बघतात. म्हणून खिडकीची सीट घेतली आहे, पण पाय सरळ ठेवायला कडेची बरी पडेल का, हेही सांगा.

डॉक्टरांची वेळ बुधवारी सकाळची आहे. मंगळवारचं विमान रद्द झालं तर हाताशी असावं म्हणून त्याच रात्रीचं सिद्धेश्वरचं तिकीट काढून ठेवलंय. विमानतळावर एकदम आतपर्यंत गाडी नेता येते का, तेवढं कोणी आजच कळवलं तर भाच्याला सुट्टी टाकायला सांगते.