किम फुप्स ओकेसन: पोरांची पुस्तकं आणि खुनाखुनीचे पिक्चर, माणूस एकच का?

कोथरूडचा_बाप: परवा रात्री क्राफ्टइडिओटेन बघितला, नॉर्वेतला स्नोप्लाव (रस्त्यावरचा बर्फ हटवायची गाडी) चालवणारा माणूस पोराला मारणाऱ्या ड्रग गँगला एकेक करून उडवतो तो. शेवटी नावं आली तर लेखक किम फुप्स ओकेसन. आता गंमत म्हणजे याच नावाच्या माणसाचं एक चित्रांचं पुस्तक ताईने लेकीसाठी पाठवलंय, आजोबा वारतात आणि भूत होऊन येतात असं काहीतरी. माणूस एकच आहे का? आणि असेल तर सहा वर्षांच्या पोरीला ते वाचून दाखवू का? तिचे आबा, म्हणजे माझे बाबा, दिवाळीनंतर गेले म्हणून विचारतोय, नाहीतर एवढं डोकं लावलं नसतं.

कोपनहेगनकरीण: एकच आहे हो दादा. डॅनिश, जन्म १९५८, आधी पुस्तकवालाच. १९८४ पासून मुलांसाठी लिहितोय, पुस्तकांचा नुसता ढीग आहे, आणि एवढं सगळं जमलेलं असताना पुन्हा डेन्मार्कच्या फिल्म स्कूलमध्ये पटकथा शिकायला गेला, १९९६ ला बाहेर पडला. तीनच वर्षांत त्याने लिहिलेला, दिग्दर्शिका सुसाने बियरचा देन एनेस्ते एने हा पिक्चर आला, रोमँटिक कॉमेडी, ५३ लाख वस्तीच्या देशात ८ लाखांच्या वर तिकिटं गेली. इथे लायब्ररीत मात्र त्याचं नाव म्हटलं की पोरं वितेल्लो नावाच्या पोराचीच पुस्तकं आणतात. हायवेला लागून घर, आई आणि हा, बाप गायब, पोरगं अजिबात गुणी नाही आणि लेखक त्याला सुधारायच्या भानगडीत पण पडत नाही, मला तेच आवडतं.

तुमचं पुस्तक २००४ चं, चित्रं स्वीडनच्या एव्हा एरिकसनची. एस्बेनचे आजोबा रस्त्यातच हार्ट अटॅकने जातात. आई म्हणते ते देवदूत होणार, बाबा म्हणतो माती होणार, पोराला दोन्ही पटत नाही. रात्री बघतो तर आजोबा खोलीतल्या कपाटावर बसलेत. मग पुस्तकात सापडतं की माणूस काहीतरी विसरून गेला की भूत होतो, आणि दोघं मिळून आठवायला बसतात काय विसरलं ते. पुढचं सांगत नाही.

शेवटचा_शो: पिक्चरमध्ये एक गोष्ट पाहिली असेल, कोणी मेला की पडदा काळा होतो आणि नाव येतं, सोबत धर्माप्रमाणे चिन्ह, क्रॉस वगैरे. गुंड का असेना, प्रत्येकाला आपली पाटी मिळते. हाच माणूस आजोबांचं पुस्तक लिहितो यात मला तरी काही नवल वाटत नाही. त्याचा ओके नावाचा पिक्चर बघा, २००२ चा, बाई वडील मरणार म्हणून त्यांना घरी आणते आणि ते काही मरत नाहीत, घरच्यांचा जीव मेटाकुटीला. परफेक्ट सेन्स मध्ये तर जगभर लोकांचा वास जातो, मग चव, मग पुढचं. आणि २०१८ चा ऊंगा आस्त्रिद, दिग्दर्शिका पेर्निले फिशर क्रिस्टेन्सनबरोबर लिहिलेला, त्यात तरुण आस्त्रिद लिंडग्रेन लग्नाआधी कोपनहेगनला जाऊन बाळंत होते आणि बाळ तिथेच ठेवून यावं लागतं. मुलांच्या लेखिकेवर मुलांच्या लेखकाने लिहिलेला पिक्चर, पण मुलांचा नाही. त्याचा सगळ्यात चांगला तोच, माझं मत.

नाना_डोंबिवली: सहा वर्षांच्या मुलीला भूत कशाला दाखवायचं ते मला समजलं नाही. रात्री उठून बसेल, मग निस्तरा. तिकडची पोरं वेगळी.

कोपनहेगनकरीण: नाना, तिकडची-इकडची काही नाही, ते भूत घाबरवतच नाही, पोराशी गप्पा मारतं. आणि इच्छा राहिली म्हणून माणूस अडकतो हे काय डॅनिश आहे का, आपल्याकडे कावळा शिवेना की काय राहिलं ते आठवत बसतोच की सगळे.

कोथरूडचा_बाप: बरोब्बर तेच झालं होतं दहाव्याला, कावळा येईना, काका एकेक बोलून बघत होते आणि ही माझा शर्ट ओढून विचारत होती आबांचं काय राहिलं, मी गप्प बस म्हणालो. बायको म्हणतेय आधी तू एकट्याने वाच. ओके कुठे मिळेल?

शेवटचा_शो: भारतात स्ट्रीमिंगवर मला दिसला नाही. डीव्हीडी आहे माझ्याकडे, सबटायटलवाली, पुण्यातच आहे मी, मेसेज टाका.