'बतावणी' म्हणजे थाप की तमाशातला खेळ?

प्रश्न: सारंगखेड्याच्या दत्तजयंतीच्या यात्रेत आमच्या नानांनी कनातीतले जुने तमाशे पाहिलेत. ते सांगतात, "गवळण रंगात आली की सोंगाड्या घुसायचा, बतावनी करायचा आणि सगळा खेळ उधळून द्यायचा." पेपरात मात्र 'पोलीस असल्याची बतावणी करून दागिने लांबवले' असं येतं. शब्द एकच का?

उत्तर: भाऊ, एकच. मूळ क्रियापद बतावणे, म्हणजे सांगणे, दाखवणे. हिंदीतलं 'बताना' आठवा. नाही ते आहे म्हणून दाखवायचं, ही पेपरातली बतावणी. तमाशातही तेच, पण तिथे थाप आहे हे समोर बसलेल्या पोरासोरांनाही ठाऊक असतं. आणि नानांचा 'न' अगदी बरोबर, तुमच्या खानदेशातल्या अहिराणी बोलीत 'ण'चा 'न' होतोच.

'उधळून द्यायचा' हे मात्र पटत नाही. आधी गण म्हणजे गणपतीचं स्तवन, मग कृष्ण-गोपींची गवळण, बतावणी, आणि मग वग, म्हणजे मुख्य कथानाट्य, असा क्रमच आहे. बतावणीला तिची हक्काची जागा आहे. लहानपणी मी अगदी पुढे बसून पाहिलंय. सोंगाड्याचा पाय धोतराच्या सोग्यात अडकला, तो आडवा झाला आणि नेमकी तेव्हाच ढोलकीवर थाप पडली. उठताना त्याने तुणतुणेवाल्याचा फेटा धरला. फेटा उलगडत गेला, तुणतुणं थांबलं नाही. दुसऱ्या रात्री पुन्हा गेलो. तोच सोगा, तीच थाप. हे पडणं किती तालमींनी बसवलं असेल!

प्रश्न: मग सोंगाड्याला विदूषक म्हणावं का?

उत्तर: नको. विदूषक संस्कृत नाटकातला, राजाचा सोबती. वाट दाखवणारा तो वाटाड्या, तसा सोंग आणणारा तो सोंगाड्या. सोंगाबरोबरची क्रियापदंही बघा: झोपेचं सोंग घेतात, आजारपणाचं आणतात, चांगलं जमलं की ते वठतं. पैशाचं तेवढं आणता येत नाही. इतकी श्रीमंती 'विदूषक' शब्दापाशी नाही.

प्रश्नकर्ता: नानांना सगळं वाचून दाखवलं. म्हणाले, "उधळणं म्हणजे मोडणं नाही रे. गुलाल उधळतात, तसं."

उत्तर: हा अर्थ माझ्या ध्यानातच आला नव्हता. नानांना नमस्कार सांगा.