उजेड असेल तरच चमकणारं शेवाळ

गुहेच्या पार आत, मिट्ट काळोखात जादूचं शेवाळ उजेड पाडतं ही एका कथेसाठी सुचवलेली कल्पना झकास; पण तिला आधार म्हणून दिलेलं 'गॉब्लिन्स गोल्ड' नावाचं खरं शेवाळ, म्हणजे शिस्टोस्टेगा पेनाटा, तिथे जगणारच नाही. ते काजव्यासारखं स्वतः उजळत नाही. त्याच्या कोवळ्या तंतूंमधल्या भिंगासारख्या पेशी बाहेरचा अंधुक उजेड हरितद्रव्यावर एकवटतात, आणि उरलेला हिरवट-सोनेरी प्रकाश आला त्याच दिशेने परत जातो. त्यामुळे गुहेच्या तोंडाकडून आत पाहिलं तरच चमक दिसते. बाजूला सरकलं की नुसती ओली माती, आणि मध्ये आपली सावली पडली तरी ते विझतं. (कथेत चोर पकडायला हे भलतंच सोयीचं!) सोनं समजून खरवडून उन्हात आणणाऱ्याच्या मुठीत चिखलच निघेल.